‘हो’ म्हणणाऱ्याची बाजू

प्लेटोच्या ‘रिपब्लिक’ या संवादात सहाव्या पुस्तकाच्या सुरुवातीलाच अडाइमान्टस एक तक्रार करतो. हा प्लेटोचा सख्खा भाऊ. तो सॉक्रेटिसला म्हणतो, तुझं बोलणं कुणाला खोडता येत नाही हे खरं, पण ऐकणाऱ्यांना आत काय वाटतं ते सांगू का? त्यांना प्रश्नोत्तरांची सवय नसते. दर प्रश्नाला ते थोडेसे सरकतात, आणि ते थोडंथोडं साठून शेवटी पाहतात तर सुरुवातीला जे बोलले त्याच्या बरोबर उलट जागी येऊन पडलेले. ‘पेटेया’ नावाच्या सोंगट्यांच्या खेळात कच्चा गडी मुरलेल्या गड्यापुढे असाच कोंडला जातो. हलवायला एकही सोंगटी उरत नाही. सॉक्रेटिसचा खेळ सोंगट्यांऐवजी शब्दांचा, इतकाच फरक. हरला म्हणून त्याचं म्हणणं चुकीचंच होतं, असं मात्र त्याला मुळीच वाटत नाही.

ही तक्रार मला फार मोलाची वाटते. आपण हे संवाद वाचतो ते सॉक्रेटिसच्या खांद्यावरून डोकावून. समोरचा गडी ‘हो’, ‘अगदी’, ‘तसंच वाटतं’ म्हणत जातो आणि वाचताना आपण त्याचे ते शब्द जवळजवळ गाळूनच टाकतो. पण ग्रीकांनी जिला ‘डायलेक्टिक’ म्हटलं ती कला उभी आहे ती त्या ‘हो’वर. तो ‘हो’ कधी द्यायचा, कधी अडवायचा आणि दिलाच तर काय बजावून द्यायचा, हे विचारण्याइतकंच कसबाचं काम आहे.

मराठीत डायलेक्टिक म्हटलं की हेगेल-मार्क्सचा द्वंद्ववाद आठवतो. तो इथे बाजूला ठेवावा. ‘डायालेगेस्थाई’ या ग्रीक क्रियापदाचा साधा अर्थ एकमेकांशी बोलणं. तत्त्वांची झुंज इथे नाही. दोन माणसं आहेत, एक विचारतो आणि दुसरा उत्तर देतो.

या कलेचा जनक म्हणून अ‍ॅरिस्टॉटलनं एलियाच्या झीनोचं नाव घेतलं होतं, असं जुने चरित्रकार सांगतात. गंमत म्हणजे कलेचं लेखी हस्तपुस्तक पहिल्यांदा केलं ते स्वतः अ‍ॅरिस्टॉटलनंच: आठ भागांचं ‘टॉपिक्स’ आणि त्याला जोडून तर्कदोषांवरचा एक ग्रंथ. त्याच्या शेवटी तो जरा मान ताठ करून म्हणतो, वक्तृत्वावर आधीच्यांनी पुष्कळ लिहिलं होतं, या विषयावर मात्र आमच्या हाती काहीच नव्हतं. जुने शिक्षक शिष्यांना तयार प्रश्नोत्तरं पाठ करायला लावत. त्याला तो उपमा देतो पादत्राणांची. पाय दुखू नयेत याची विद्या शिकवतो म्हणायचं आणि चांभारकाम न शिकवता तऱ्हेतऱ्हेचे तयार जोड हातात ठेवायचे, तसला तो प्रकार.

तर डाव असा मांडतात. आधी एक दुतोंडी प्रश्न: सुख हवंसं मानावं की नाही? विश्व अनादि-अनंत आहे की नाही? उत्तर देणारा एक बाजू उचलतो आणि विचारणाऱ्याला आपोआप दुसरी मिळते. त्यानंतर विचारणाऱ्यानं हो-नाहीत उत्तर देता येईल असेच प्रश्न करायचे. ‘माणूस म्हणजे काय?’ असा मोकळा प्रश्न या डावात चालत नाही. ‘जमिनीवर चालणारा दोन पायांचा प्राणी, ही माणसाची व्याख्या आहे की नाही?’ असा बांधून विचारावा लागतो. (प्लेटोचा सॉक्रेटिस ‘अमुक म्हणजे काय?’ असंच विचारतो, पण तो नुसता दरवाजा. समोरच्यानं व्याख्या दिली की पुढे हाच हो-नाहीचा डाव सुरू होतो.) मुख्य अट अशी की विचारणाऱ्यानं पदरचं काही घालायचं नाही. समोरच्यानं जे कबूल केलं तेवढंच भांडवल. त्या कबुल्या एकमेकींना जोडून समोरच्याच्या मूळ विधानाच्या उलट निघालं की डाव जिंकला. या उलटवण्याला ग्रीक शब्द ‘एलेन्खोस’. त्यात तपासणीही आली आणि खंडनही.

एक डाव जवळून पाहू. प्लेटोच्या ‘लाखेस’ या छोट्या संवादात दोन बापांना प्रश्न पडलाय, मुलांना चिलखत घालून लढायची कसरत शिकवावी की नाही. सल्ल्याला दोन सेनापती बोलावलेत, निकियास आणि लाखेस. लाखेसनं इ.स.पू. ४२४ च्या डेलियमच्या लढाईत अथेन्सच्या पराभवावेळी सॉक्रेटिसला शांतपणे माघार घेताना पाहिलंय, त्यामुळे त्याच्याबद्दल आदर आहे. सॉक्रेटिस विचारतो, कसरत शिकवायची ती शौर्यासाठी ना? मग शौर्य म्हणजे काय? लाखेसला हे सोपं वाटतं: रांगेतली जागा न सोडता शत्रूला तोंड देतो तो शूर. सॉक्रेटिस सिथियन घोडेस्वारांची आठवण देतो, जे पळता पळता लढतात. प्लाटियाच्या लढाईत स्पार्टन लोकही आधी मागे हटले आणि मग उलटून लढून जिंकले. झालं, पहिली व्याख्या गेली. उदाहरण दिलं होतं, व्याख्या नव्हे. ही चूक इतकी सर्रास होते की ‘मेनो’ या दुसऱ्या संवादात सॉक्रेटिस थट्टा करतो: एक सद्गुण मागितला तर तू मधमाश्यांचं अख्खं मोहोळ आणून दिलंस.

लाखेसची दुसरी व्याख्या: शौर्य म्हणजे मनाची चिकाटी. खरा डाव इथून पुढे.

शौर्य ही उत्तम गोष्टींपैकी एक आहे ना? अगदी उत्तमांपैकी. शहाणपणाची चिकाटी चांगली? हो. आणि मूर्खपणाची? ती घातक. घातक गोष्टीला उत्तम म्हणशील? छे. मग मूर्ख चिकाटी हे काही शौर्य नव्हे? नव्हे. म्हणजे शहाणी चिकाटी हे शौर्य. असं दिसतंय.

इथपर्यंत लाखेसचं फारसं बिघडलेलं नाही. व्याख्येला एक विशेषण चिकटलंय, एवढंच. आता सॉक्रेटिस त्या विशेषणाला हात घालतो. शहाणी म्हणजे कशात शहाणी? एखादा हिशेबानं पैसे खर्च करत राहतो, कारण पुढे जास्त मिळणार हे त्याला ठाऊक आहे. तो शूर? देवाशपथ नाही! वैद्याचा मुलगा फुप्फुसाच्या दाहानं आजारी आहे, खायला-प्यायला मागतोय, आणि वैद्य विरघळत नाही. ते शौर्य? तेही नाही. बरं, युद्धात एकजण ठाम उभा आहे, कारण त्यानं हिशेब केलाय: कुमक येतेय, शत्रू कमी आणि कमकुवत आहेत, जागाही आपलीच भारी. विरुद्ध बाजूला दुसरा तसाच ठाम उभा आहे, यातलं काहीही हाताशी नसताना. जास्त शूर कोण? लाखेस म्हणतो, दुसरा. पण त्याची चिकाटी जास्त अडाणी नाही का? खरं आहे. विहिरीत सूर मारणाऱ्यांत ज्याला ते कसब येत नाही तो जास्त शूर? आणखी काय म्हणणार, सॉक्रेटिस!

मग गाठ आवळली जाते. अडाणी चिकाटी वाईट आणि घातक हे मघाशी ठरलं. शौर्य उत्तम हेही ठरलं. आणि आत्ता आपण अडाणी चिकाटीलाच शौर्य म्हणतोय.

लाखेस चिडतो. स्वतःवरच. शौर्य काय हे मला कळतंय असं वाटतं, म्हणतो, पण शब्दांत पकडायला गेलं की निसटतं. ज्यानं कधी समोरासमोर अशी उत्तरं दिली असतील त्याला हा वैताग ओळखू येईल.

आता चूक कुठे झाली ते पाहू. व्याख्येतली चूक सोडा, खेळातली. लाखेसनं ‘शहाणपण’ या शब्दाला एका अर्थानं हो म्हटलं आणि दुसऱ्या अर्थानं त्याची किंमत मोजली. पहिल्या फेरीत शहाणी चिकाटी म्हणजे कशासाठी टिकून राहायचं याची जाण असलेली. दुसऱ्या फेरीत सॉक्रेटिसनं आणलेली सगळी शहाणपणं वेगळ्या जातीची आहेत: पैशांचा हिशेब, रणांगणाचं गणित, बुडी मारायचं कसब. विहिरीत उडी घेणाऱ्याला कसब नसेल, पण आत मूल बुडतंय हे दिसत असेल तर त्याची चिकाटी अडाणी कशी म्हणायची? ‘कसबात अडाणी, हो; कशासाठी उडी घेतोय यात अडाणी, नाही’ एवढं एक वाक्य लाखेस बोलता तर डाव तिथेच थांबता. तो बोलला नाही, कारण प्रश्न झरझर येत होते आणि प्रत्येक प्रश्न एकेकटा पाहिला तर निरुपद्रवी होता.

हीच जागा अ‍ॅरिस्टॉटल उत्तर देणाऱ्याला दाखवून देतो. ‘टॉपिक्स’चा आठवा भाग म्हणजे आखाड्यातल्या वस्तादाची शिकवणी आहे. शब्द दुअर्थी असेल तर सरळ सांगायचं, एका अर्थी हो, एका अर्थी नाही. प्रश्न कळला नाही तर ‘कळलं नाही’ म्हणायला लाजायचं नाही. दुअर्थीपणा आधी सुटला आणि नंतर लक्षात आला तरी म्हणता येतं, मी ‘हो’ म्हटलं ते या अर्थानं. पण हे जितकं उशिरा म्हणाल तितकी ती पळवाट वाटते.

शब्द दुअर्थी आहे हे ओळखायचं कसं? त्याची एक युक्ती साधी आहे: विरुद्धार्थी शब्द शोधा. ग्रीकमध्ये ‘ऑक्सी’ आवाजाचाही असतो आणि धारेचाही, पण आवाजात त्याच्या विरुद्ध ‘जड’ आणि धारेत ‘बोथट’. विरुद्ध दोन निघाले म्हणजे मूळ अर्थही दोन. मराठीत ‘पातळ’ घ्या. पातळ ताकाच्या उलट घट्ट, पातळ कापडाच्या उलट जाड.

दुसरा सल्ला त्याहून सूक्ष्म आहे. विचारणाऱ्याला जिथे पोचायचंय तो निष्कर्ष आणि तो मागतोय ती कबुली, यांत जास्त पटण्याजोगं काय? कबुली निष्कर्षापेक्षा जास्त पटणारी असेल तर द्यावी. कमी पटणारी असेल तर देऊ नये, कारण कमी ठाऊक असलेल्यावरून जास्त ठाऊक असलेलं सिद्ध करणं ही उलटी गंगा. आणि कबुली पटणारीच आहे, पण दिली की आपलं विधान कोसळणार, असं दिसलं तर? तेव्हा दडवादडवी करायची नाही. म्हणायचं, हे पटण्यासारखं आहे, पण मूळ मुद्द्याला अगदी खेटून आहे. हे दिलं की माझं विधान गेलं, ते मला दिसतंय. हार तीच, पण डोळे उघडे ठेवून पत्करलेली. उत्तर देणाऱ्याचं काम अ‍ॅरिस्टॉटलच्या मते एवढंच की जे विपरीत निघालं ते आपल्या गबाळेपणामुळे न निघता उचललेल्या बाजूमुळे निघालं, असं दिसावं. मला हे फार आवडतं. जिंकायचं ओझंच त्यानं उत्तर देणाऱ्याच्या डोक्यावरून उतरवलंय.

विचारणाऱ्याला दिलेल्या युक्त्या वाचताना मात्र हसू येतं, इतक्या त्या ओळखीच्या आहेत. आधी तीन कामं: हल्ल्याची जागा शोधणं, प्रश्न मनाशी क्रमानं लावणं, मग ते समोर ठेवणं. पहिलं काम तत्त्वज्ञ एकटा बसूनही करतो. पुढची दोन करावी लागतात ती समोर माणूस आहे म्हणून. ज्या कबुल्यांवाचून निष्कर्ष निघतच नाही त्या थेट मागू नका, दुरून या. क्रम मोडून विचारा म्हणजे जोड दिसणार नाही. गरज नसलेले चार प्रश्न मध्ये पेरा. अधूनमधून स्वतःच्याच म्हणण्यावर आक्षेप घ्या, कारण न्यायानं वागतोय असं वाटणाऱ्यावर माणूस संशय घेत नाही. ‘असं सगळेच म्हणतात’ हे जोडा. ज्याची खरी निकड आहे ते घाईनं मागू नका, लोक हट्टाला विरोध करतात. सगळ्यात हवी ती कबुली शेवटी मागा, कारण माणसं पहिल्या प्रश्नांना जास्त अडतात. पण काही उत्तर देणारे सुरुवातीला उदार असतात आणि शेवट दिसू लागला की वाकड्यात शिरतात. त्यांच्याकडून ती पहिल्यांदाच काढून घ्या. निष्कर्ष तर कधीच प्रश्न म्हणून विचारू नका. समोरच्यानं मान हलवून ‘नाही’ म्हटलं की ऐकणाऱ्यांना वाटतं, काही सिद्धच झालं नाही. आणि उदाहरणांवर उदाहरणं कबूल करून कुणी ‘मग सगळीकडेच असं’ म्हणायला नकार दिला तर त्याला एक अपवाद दाखवायला सांगा. दाखवता येत नसेल तर तो नुसता अडून बसलाय.

तयारी म्हणाल तर ती पाठांतराची आहे, पण तयार जोड्यांच्या पाठांतराची नव्हे. ‘टोपॉस’ म्हणजे जागा: अनेक विषयांना लागू पडणारा एकेक तपास. विरुद्धाला विरुद्ध लागू होतं का? जिथे असण्याची शक्यता जास्त तिथेच नसेल तर कमी शक्यतेच्या जागी कसं असेल? व्याख्येत ती गोष्ट कुठल्या प्रकारात मोडते हे नीट सांगितलं आहे का? असे तपास शेकड्यांनी आहेत. अंकगणितवाल्याला दहापर्यंतचे पाढे तोंडपाठ असले की जसा फरक पडतो तसा यांचा उपयोग, असं तोच म्हणतो. शिवाय लोकमतांच्या वह्या ठेवायच्या: सगळ्यांना काय पटतं, बहुतेकांना काय, जाणत्यांना काय. भांडवल यातूनच येतं. पण कुठल्याही गोष्टीवर डाव मांडायचा नाही. आईवडिलांवर प्रेम करावं की नाही असं विचारणाऱ्याला शिक्षेची गरज आहे आणि बर्फ पांढरा की नाही असं विचारणाऱ्याला डोळ्यांची.

डाव सडतो कसा, हे प्लेटोनं ‘युथिडेमस’मध्ये दाखवलंय. दोघे भाऊ, वादाचे धंदेवाईक शिक्षक. तुझ्याकडे कुत्रा आहे? आहे. त्याला पिल्लं? आहेत. म्हणजे तो बाप आहे. आणि तो तुझा आहे. म्हणजे तो तुझा बाप! वर आणखी: त्याला मारतोस? मग बापाला मारतोस. हास्यास्पद आहे खरं, पण नेमकं कशानं? ‘तुझा’ हा शब्द मालकीतून नात्यात उडी मारतो. आणि नियम असा लावलेला की उत्तर देणाऱ्यानं एक शब्दही जादा जोडायचा नाही. सॉक्रेटिस ‘या अर्थी’ म्हणू लागला की भाऊ रागावतात. बाहेरून हा अगदी लाखेसबरोबरचाच डाव दिसतो: तेच हो-नाही, तोच वेग. बदललंय एकच, ‘एका अर्थी’ म्हणायचा हक्क काढून घेतलाय. आपल्याकडच्या नैयायिकांनी, म्हणजे न्यायदर्शनाच्या पंडितांनी, तत्त्व जाणण्यासाठी ‘वाद’, जिंकण्यासाठी ‘जल्प’ आणि स्वतःची बाजूच न मांडता नुसतं खोडण्यासाठी ‘वितंडा’ अशी वेगवेगळी खाती केली. मराठीनं त्यातला ‘वितंडवाद’ तेवढा रोजच्या वापराला ठेवला, हेही बोलकंच.

प्लेटोला या सडण्याची भीती होती. रिपब्लिकच्या आराखड्यात निवडलेल्या तरुणांना विशीनंतर दहा वर्षं गणितशास्त्रं, आणि डायलेक्टिक तिशीनंतर, पाच वर्षं. का, तर पोरांना वादाची चव लागली की कुत्र्याच्या पिल्लांसारखी दिसेल त्याला शब्दांनी ओढतात, फाडतात. पुष्कळांना हरवून आणि पुष्कळांकडून हरून शेवटी त्यांचा कशावरच विश्वास राहत नाही.

पण चांगल्या डावातूनही नेमकं काय हाती लागतं? ग्रेगरी व्लास्टॉस या अभ्यासकानं १९८३ साली हा प्रश्न धारेवर धरला. लाखेसच्या डावातून सिद्ध झालं ते एवढंच की त्याची सगळी विधानं एकत्र खरी असू शकत नाहीत. त्यातलं खोटं कोणतं, हे तर्क सांगत नाही. व्याख्या टाकायची की ‘अडाणी बुडीवाला जास्त शूर’ ही कबुली परत घ्यायची? ती निवड उरते उत्तर देणाऱ्याकडे. अडाइमान्टसची तक्रार नेमकी इथे खरी आहे: कोंडला गेलेला गडी कुठली सोंगटी चुकली हे न कळता उठून जातो. तर्कानं ती दाखवायची जबाबदारी घेतलेलीच नाही. म्हणूनच अ‍ॅरिस्टॉटल या प्रकाराला दोघांचं सामाईक काम म्हणतो आणि त्यात आडकाठी घालणाऱ्याला वाईट जोडीदार ठरवतो, मग तो विचारणारा असो की उत्तर देणारा. भेटेल त्याच्याशी वाद घालू नका, असंही तो बजावतो. काही जणांशी खेळलं की आपलाही खेळ बिघडतोच.

जोडीदारच उठून गेला तर काय होतं, ते प्लेटोच्याच ‘गॉर्जियास’ या संवादात आहे. सॉक्रेटिसला उत्तरं देणारा कालिक्लीस एका टप्प्यावर वैतागतो आणि उत्तरं द्यायला नकार देतो. तुला एकट्याला नाही का संपवता येत, विचारतो, सरळ भाषण कर नाहीतर स्वतःच स्वतःला उत्तरं दे. सॉक्रेटिस नाइलाजानं कबूल होतो. एपिखार्मस या जुन्या विनोदी नाटककाराच्या एका ओळीची आठवण काढतो: मघाशी दोघे जे बोलत होते ते आता एकट्यानं. माझं कुठे चुकतंय असं वाटलं तर मध्येच अडवा, असं सगळ्यांना सांगतो आणि सुरू करतो. सुखकर आणि चांगलं एकच का? मग आपणच उत्तर देतो: एकच नाही, कालिक्लीसनं आणि मी तसं मान्य केलं होतं.